चटई कुणाची, टोळ कुणाचे

२९ एप्रिल

सन्माननीय सहसचिव महोदय,

मायना वाचून हसू नकोस. सहा आठवडे माझं पत्र नाही म्हणून तू बायकोकरवी दोनदा निरोप पाठवलास, ताईला बरं नाही का. ताईला उत्तम आहे. ताईचा रागही धडधाकट आहे, दोन वेळा जेवतो आणि वेळेवर झोपतो.

कारण तुला ठाऊक आहे, पण तू राजनैतिक अधिकारी असल्यामुळे ते तुला सांगावं लागेल. बारा मार्चला तुझ्या मंत्रालयाचा एक लखोटा आमच्या टोळ कचेरीत आला. (पाटीवर 'टोळ पूर्वसूचना केंद्र' असं आहे, पण पाटी वाचून इथे कुणी येत नाही.) आत शेजारी देशाला पाठवलेल्या निषेधखलित्याची प्रत, 'केवळ माहितीसाठी'. चौथ्या परिशिष्टाचं शीर्षक, 'सीमेवरील एका जबाबदार अधिकाऱ्याचे निवेदन'. आमच्या भागात जबाबदार अधिकारी कोण सापडला बुवा, म्हणून मी कौतुकाने वाचायला घेतलं. पहिल्याच ओळीला कप हातात तसाच राहिला. वाक्य माझं होतं. जानेवारीत तुला घरच्या पत्त्यावर लिहिलेल्या पत्रातलं.

मी लिहिलं होतं, 'आमचे पलीकडचे चष्मेवाले गेली अठरा वर्षं विषम महिन्यांत चटईवर येऊन फवारणी करून जातात, सम महिन्यांत आम्ही जातो, आणि चटई कुणाची हे टोळांना ठाऊक नाही, आम्हीही त्यांना अजून सांगितलेलं नाही.' तुझ्या परिशिष्टात वाक्य 'करून जातात' इथे संपतं. पुढे पूर्णविराम. तो पूर्णविराम माझा नाही, बाळ. तो तू घातलास.

कात्री चालवताना बाकीचं पत्र तू वाचलं नसशील, म्हणून पुन्हा सांगते. चटई म्हणजे बारा किलोमीटर लांब आणि दोन रुंद असा वाळूचा पट्टा. दोन्ही देश म्हणतात आमचा. तिथे माणूस राहत नाही, गवत धड उगवत नाही, पण वाळू ओली झाली की टोळांच्या माद्यांना अंडी घालायला सबंध मुलखात तेवढीच जागा पसंत पडते. दर महिन्याच्या पाच तारखेला चटईच्या टोकाशी, जिथे हद्दीबद्दल वाद नाही अशा ठिकाणी, एक टेबल मांडतात. दोन पाय आमच्या देशात, दोन त्यांच्या; इकडे मी, समोर चष्मेवाले, पलीकडच्या टोळ कचेरीचे प्रमुख. किटली आमची, कप त्यांचे. टेबल डुगडुगलं की कागदाची घडी कुणाच्या पायाखाली घालायची, यावर पहिल्या वर्षी अर्धा तास गेला होता. मग दोन्ही बाजूंनी आपापले नकाशे द्यायचे, कुठे अंडी, कुठे पिल्लं, कुठे थवा. नकाशात चटईची जागा दोघांनीही कोरी सोडायची. रंगवली की समोरच्याला सही करता येत नाही. आणि चटईवर फवारणीला कुणी जायचं, ते सम-विषमावर. इतिवृत्तात याची नोंद एवढीच, 'चहापानानंतर इतर विषयांवर चर्चा झाली.'

अठरा वर्षांत दोन लढाया होता होता राहिल्या, तीनदा राजदूत परत बोलावले गेले. टेबल एकदाही चुकलं नाही. मी हे तुला फुशारकीने लिहिलं. शेजारणीला मुलाचे मार्क सांगावेत तसं. आणि तू त्याचं काय केलंस, तर 'अठरा वर्षांची घुसखोरी, खुद्द त्यांच्याच वावरातून सिद्ध'.

पलीकडच्यांनी उत्तर दिलं की असं कुणी गेलंच असेल तर स्वतःच्या जबाबदारीवर. चष्मेवाल्यांना घरी बसवलं. विषम महिन्यांतच जातात, म्हणजे बाकीचे महिने जमीन दुसऱ्या देशाची कबूल केली, असा आरोप. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, ती मी पहिल्यांदा पाहिली, आणि दोर माझ्या अक्षरातला होता.

आता कामाचं. यंदा एप्रिलमध्ये अवेळी पाऊस झाला. चटई ओली झाली. दुर्बिणीतून माद्या उतरलेल्या मी स्वतः पाहिल्या. चार-पाच दिवसांत पिल्लं बाहेर पडतील, त्यांना पंख फुटायला साधारण महिना लागतो. पंख नसताना ती पायी चालतात. दोन गाड्या आणि तीन दिवस मिळाले तर विषय संपला. पंख आल्यावर सैन्य पाठवलंस तरी उपयोग नाही. मे महिना विषम, म्हणजे त्यांचा. त्यांचा माणूस येऊ शकत नाही, तुझ्या खलित्यामुळे. आम्ही जाऊ शकत नाही, त्यांच्या उत्तरामुळे.

मला माफी नको. पाच तारखेच्या टेबलाची परवानगी हवी.

तुझी जबाबदार अधिकारी


७ मे

सहसचिव महोदय,

तुझं उत्तर मिळालं. 'विषय उच्च स्तरावर विचाराधीन आहे.' खाली तुझी सही नाही, तुझ्या हाताखालच्याच्या हाताखालच्याची आहे. एवढ्या उंचावरून पिल्लं दिसत नसतील, हे मला मान्य आहे.

परवा पाच तारीख होती. परवानगी नव्हती, मनाईही नव्हती. मी टेबल नेलं. ड्रायव्हर म्हणाला, 'मॅडम, समोर कुणी येणार नाही, उगाच ऊन खायचं.' तरी त्याने दोन पाय पलीकडे ठेवले, सवयीने. पलीकडून एक शिपाई आला, बंदूक उलटी धरलेली, आणि अगदी अदबीने टेबल दोन फूट आमच्या बाजूला सरकवून गेला. मग आमचा शिपाई आला आणि म्हणाला, त्यांनी सरकवलेलं आपण तसंच ठेवलं तर ते मान्य केल्यासारखं होईल. त्याने ते दोन फूट परत ढकललं. अकरा वाजेपर्यंत टेबलाची अशी चार वेळा ये-जा झाली. दोघांच्याही चेहऱ्यावर कर्तव्य होतं. पाचव्या खेपेला एक पाय मोडला. आमच्या देशातला.

पिल्लं निघाली आहेत. लांबून पाहिलं तर वाळूवर कुणी काळी शाई सांडली आहे आणि ती हळूहळू पसरते आहे असं वाटतं. मी ठिकाणं नोंदली, सगळी चटईवर. आमच्या हद्दीत एक नाही, त्यांच्या हद्दीत एक नाही. टोळ आंतरराष्ट्रीय कायदा तुझ्यापेक्षा बारकाईने पाळतात.

बाबा आपल्याला शिकवायचे, आठवतं? शेतीवरची जुनी सहा संकटं. फार पाऊस, पाऊस नाही, टोळ, उंदीर, पोपट, आणि सहावं, जवळ येऊन बसलेले राजे. तू विचारलं होतंस, राजे पोपटांच्या रांगेत कसे? बाबा म्हणाले होते, मोठा झालास की कळेल. मोठा झालास.

अठ्ठावीस दिवस उरले.

ताई


२१ मे

धाकट्या,

फोन केलास ते बरं केलंस. निदान आवाज तरी तुझाच होता. पण फोनवर तू बोलतोस आणि मी ऐकते, आपलं लहानपणापासून तसंच आहे. म्हणून जे बोलायचं राहिलं ते इथे लिहिते.

तू म्हणालास, दहा जूनला तिसऱ्या देशात वाटाघाटी आहेत, तोवर चटईवर कुणी पाऊल टाकलं तर समोरच्याच्या हाती कोलीत मिळेल. म्हणालास, त्यांनी फवारलं तर ते 'वहिवाट' म्हणणार आणि आपण फवारलं तर ते 'चढाई' म्हणणार. मी म्हटलं, मग दोघांनी मिळून फवारा, त्याला काय म्हणतील? तू म्हणालास, 'ताई, त्याला शब्दच नाही.' हे तू विनोदाने म्हणालास का, ते मला फोनवर कळलं नाही.

आणि ते तुझं आवडतं वाक्य, की राष्ट्राराष्ट्रांत मैत्री नसते, फक्त हित असतं. हे वाक्य तू चौदाव्या वर्षी मला पहिल्यांदा ऐकवलंस, मी तुझी सायकल मागितली तेव्हा. हित तर हित. पिल्लं आता बोटाच्या पेराएवढी झाली आहेत, ती मेली तर दोघांचंही हित आहे. एवढं स्वस्त हित तुला वाटाघाटींत मिळणार नाही. दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ म्हणतात, तो तिसरा पाहायचा असेल तर ये, दुर्बीण देते.

मग मी चष्मेवाल्यांबद्दल विचारलं.  त्यावर जे म्हणालास ते मी विसरणार नाही. 'ताई, पलीकडच्या देशाकडे शंभर वर्षांचे नकाशे होते. माझ्याकडे फक्त तुझं वाक्य होतं.'

म्हणजे तू वाक्य कापलंस ते चुकून नव्हे, गरजेपोटी. खरं सांगू? मला ते चुकून झालेलं असावंसं वाटत होतं. सहा आठवडे मी तुझ्या वतीने स्वतःशी तोच युक्तिवाद करत होते.

मी बदली मागावी, हा तुझा सल्ला पोचला. मायेने दिलास, हेही कळलं. मागणार नाही. कारणे दाखवा नोटिशीबद्दल तुला कुणी सांगितलं असेल तर ती किरकोळ आहे, टेबलाच्या मोडलेल्या पायाबद्दल आहे. (पूर्णपणे त्याबद्दल नाही. पण ते माझं मी बघेन.)

चष्मेवाल्यांना मी पत्र लिहिलं होतं. तुला सांगणार नव्हते. तीन ओळी, आणि त्यांतल्या दोन क्षमेच्या. पाकीट न फोडता परत आलं. त्यावर त्यांच्याच अक्षरात पत्ता खोडलेला होता. अठरा वर्षं ते अक्षर मी नकाशावर पाहत आले आहे, ओळखायला चुकणार नाही.

चौदा दिवस.

ताई


१२ जून

बाळ,

सहा तारखेला सकाळी नऊच्या सुमारास शाळेच्या बाजूने आवाज आला, कोरड्या पानांवरून कुणी चालत यावं तसा. मग ऊन विटकरी झालं. पुढचं तू वर्तमानपत्रात वाचलं असशील. त्यात 'थवा' असा शब्द आहे. चांगला शब्द आहे, पक्ष्यांना शोभतो. हे तसलं नव्हतं. भिंत चालत येत होती.

आमच्या कचेरीसमोर एक शिंपीण राहते. घरामागे भाज्यांचे सहा वाफे, त्यावर तिचं आणि तिच्या सासूचं भागतं. दोन तासांत वाफ्यांत काड्यासुद्धा उरल्या नाहीत. दोरीवर वाळत घातलेलं हिरवं कापडही कुरतडलं, गिऱ्हाइकाचं. दुपारी ती कचेरीत आली. रडली-ओरडली असती तर मला सोपं गेलं असतं. ती खुर्चीवर बसली आणि म्हणाली, 'बाई, टोळ येणार हे आधी सांगायचं, हेच तुमचं काम ना? मग तुम्हाला माहीत नव्हतं?'

मी म्हटलं, माहीत होतं.

'कधीपासून?'

एप्रिलपासून, असं मी सांगितलं.  ती उठून गेली, जाताना खुर्ची जागेवर लावून गेली.

त्या दिवशी वारा फिरला, म्हणून संध्याकाळी तोच थवा पलीकडे गेला आणि त्यांचीही तीन गावं खाऊन आला. या बाबतीत संपूर्ण सहकार्य होतं.

आणि काल, तुमच्या वाटाघाटींच्या दुसऱ्याच दिवशी, रेडिओवर तुमचं निवेदन ऐकलं. 'शेजारी राष्ट्राच्या अक्षम्य हलगर्जीमुळे त्यांच्या भूमीवर पोसलेले टोळ.' अर्ध्या तासाने पलीकडचं स्टेशन लावलं. तेच निवेदन, तीच विशेषणं, फक्त देश उलटे. मार्चमध्ये दोघेही छातीवर हात ठेवून सांगत होतात की चटई आमची, तिचा कणन् कण आमचा. जूनमध्ये तिच्यावर टोळ जन्मले, तर दोघेही म्हणता ती शेजाऱ्याची. वाळू असली की आपला तो बाब्या, टोळ निघाले की दुसऱ्याचं ते कार्टं.

आज तुझ्या मंत्रालयाचा माणूस खास गाडीने आला. चांगला माणूस आहे, त्याला उन्हाचा त्रास झाला, मी सरबत दिलं. त्याने दाखला आणला आहे, तयार टाईप केलेला. 'थव्याचा उगम शेजारी राष्ट्राच्या हद्दीत झाल्याचे प्रमाणित करण्यात येते.' खाली माझा हुद्दा आणि सहीसाठी टिंबं. माणूस उद्या सकाळपर्यंत इथे आहे.

टिंबं तू घातलीस की आणखी कुणी? उत्तर नको. मी रात्रभर जागणार वगैरे नाही. जेवून झोपणार आहे.

ताई


१३ जून

बाळ,

दाखला दिला. टिंबांवर सही केली नाही, स्वतःच्या हाताने नवा लिहिला. तुझा माणूस वाटेत वाचेल आणि घाबरेल, म्हणून मजकूर तुला आधीच कळवते.

'थव्याचा उगम चटई या क्षेत्रात झाला. नोंदलेली एकूण ठिकाणे एकशे चौदा, सर्व उक्त क्षेत्रात. सदर क्षेत्र निर्विवादपणे आपले असल्याचे मंत्रालयाने मार्चच्या खलित्यात नमूद केले आहे. सबब सदर टोळ स्वदेशी आहेत. त्यांच्या बंदोबस्तासाठी या कार्यालयाने २९ एप्रिलपासून तीन वेळा परवानगी मागितली होती. पत्रव्यवहार सोबत.'

उगमाच्या दाखल्याची एक प्रत नियमाप्रमाणे त्याच टपालाने प्रादेशिक टोळ मंडळाला जाते, ते मंडळ दोन्ही देशांचं आहे. नियम जुना आहे, मी केलेला नाही. प्रत गेली.

आता तुमच्यापुढे दोन वाटा. चटई आपली म्हणा आणि टोळांची जबाबदारी घ्या, किंवा टोळ त्यांचे म्हणा आणि चटई देऊन टाका. मार्चमध्ये मला कुणी असा पर्याय दिला नव्हता.

माझं काय होईल ते होईल. पण थव्यातल्या माद्या पुन्हा चटईवर उतरल्या आहेत. दुसरी पिल्लावळ जुलैच्या शेवटी उडेल, आणि ती पहिलीच्या दसपट असते. मला वरून तोंडी निरोप येईल, 'बाई, नेहमीसारखं टेबल मांडा, गाजावाजा नको.' तोंडी मांडणार नाही. न लिहिलेल्या गोष्टीचं काय होतं ते आम्ही पाहिलं. आणि तुझ्याकडून एकच हवं आहे. पलीकडे दुरुस्तीपत्र पाठव. माझं वाक्य पूर्ण दे, 'सम महिन्यांत आम्ही जातो' यासकट. टोळांबद्दलचा विनोद गाळलास तरी चालेल.

ताई


२८ जून

बाळ,

दुरुस्तीपत्राची प्रत आली. या खेपेला खाली तुझी स्वतःची सही आहे. विनोदही गाळला नाहीस. शत्रुराष्ट्राच्या दप्तरात माझा विनोद आता कायमचा जमा झाला, बाबा असते तर म्हणाले असते, पोरीने नाव काढलं.

तुझी बढती थांबली, असं तुझ्या बायकोने लिहिलं आहे. तू लिहिलं नाहीस.  राग कमी झाला म्हणणार नाही. पण आता तो एकटा राहत नाही, त्याच्या शेजारी आणखी कुणी राहायला आलं आहे.

पाच जुलैचं टेबल मंजूर. लेखी.

ताई


६ जुलै

बाळ,

काल टेबल झालं.

पलीकडून दोन गाड्या आल्या. पुढच्या गाडीतून एक नवे साहेब उतरले, इस्त्रीचे, कागदावरून वाचून बोलणारे. चष्मेवाले मागच्या गाडीतून उतरले. त्यांना परत घेतलं आहे, पण नव्या साहेबांच्या हाताखाली. नकाशाची नळी तेच धरून होते, उघडायची मात्र साहेबांनी सांगितल्यावर. चार महिन्यांत माणूस दहा वर्षांनी उतरला आहे. सही साहेबांनी केली. माझ्या समोरच्या खुर्चीवर अठरा वर्षांत पहिल्यांदाच दुसरं कुणी बसलं होतं, आणि ते बाजूला उभे होते. मी ड्रायव्हरला गाडीतलं स्टूल आणायला सांगितलं. ते बसले नाहीत.

कामाचं बोलणं झालं, चांगलं झालं. मग साहेब फवारणीची गाडी पाहायला गेले आणि मी कप भरून चष्मेवाल्यांपुढे ठेवला. मनात चार वाक्यं जुळवून ठेवली होती, तालमीसकट. पहिलं निम्मं झालं असेल, त्यांनी हात वर केला. दुरुस्तीपत्र वाचलं म्हणाले. आभार मानले. तुझी प्रकृती विचारली, अगदी मनापासून, मला त्यात काही टोचणी सापडली नाही, आणि मी शोधली.

मग साखर मागावी तशा आवाजात म्हणाले, 'बाई, एक विनंती. यापुढे घरी पत्र लिहाल तेव्हा इथलं काही लिहू नका.'

मी हो म्हटलं.

तेव्हा काल काय ठरलं, चटईवर कुणाच्या गाड्या जाणार, कधी जाणार, एकट्या की बरोबरीने, हे तुला माझ्याकडून कळणार नाही. खात्याकडून अहवाल येईल, तो वाच. माझ्या भावाच्या नात्याने नव्हे, सहसचिवाच्या नात्याने वाच. आणि मला त्याबद्दल फोन करू नकोस.

बाकी तब्येत ठीक आहे. शिंपिणीने वाफे पुन्हा केले आहेत. तू चष्म्याचा नंबर तपासून घे, फोनवर म्हणाला होतास की डोकं दुखतं. मुलांना आशीर्वाद.

सकाळपासून वारा सुटला आहे. कुठून कुठे ते वरच्या ओळीत लिहिलं होतं. खोडलं.

ताई